पेन खाली ठेवणारी नवरी

मुकी आहे म्हणून माझी कीव करायला आला असाल तर आल्या पावली परत जा. मी फिल्म आहे, फ्रेंच आहे, विनोदी आहे, आणि नव्वदी ओलांडली तरी माझा तोरा गेलेला नाही. आज मराठीत बोलतेय, कारण मला शेवटपर्यंत बघणारी पहिली माणसं मराठी निघाली.

शेवटपर्यंत. माझं जगाशी जे काही भांडण आहे ते एवढ्या एका शब्दावरून आहे. माझं मागणं एकच होतं आणि आहे: माझा शेवट जसा आहे तसा दाखवा. बाकी मला नावं ठेवा, माझ्यावर धूळ बसू द्या, काही म्हणणं नाही.

माझी गोष्ट १९११ साली पॅरिसजवळच्या एका काचेच्या छपराच्या स्टुडिओत चित्रित झाली. केकवाल्याची मुलगी क्लोतील्द हिचं लग्न एका दारूच्या व्यापाऱ्याच्या मुलाशी ठरतं. मुलाची आई मोजायची टेप घेऊनच घरात शिरते. खोली मोजते, पलंग मोजते, कपाट मोजते आणि जाता जाता नवरीची कंबरही मोजून घेते. लग्नाच्या दिवशी केक कोसळतो, सासरेबुवांची हॅट बकरी खाते, आणि सगळं वऱ्हाड धापा टाकत नगरपालिकेच्या कचेरीत पोचतं. तिथे महापौर रजिस्टर पुढे करतो. सही केली की लग्न लागलं.

आणि क्लोतील्द ते रजिस्टर वाचायला लागते! सही करण्याआधी ती वाचेल असं कोणाच्या स्वप्नातही नसतं. सगळे चुळबुळ करतात. तिचं वाचून होतं, ती पेन खाली ठेवते, आणि पडद्यावर अक्षरं येतात: 'आज नाही. आधी मला सायकल शिकायची आहे.'

मग शेवटची दोन मिनिटं. ती पोस्टमनची सायकल घेऊन निघते. पडते, उठते, डोक्यावरची जाळी मागे उडत असते. लग्नाचे फोटो काढायला आलेला तरुण सीट धरून तिच्या मागे पळतो आणि मध्येच हळूच सीट सोडून देतो. तो हसत उभा राहतो. ती मागे वळून बघत नाही. संपलं.

मूळ मोठ्या फिल्मवरून पुढे शाळांसाठी लहान रुंदीच्या प्रती काढल्या, त्यातली मी एक. मिस बर्नेट नावाच्या फ्रेंचच्या शिक्षिकेने मला जहाजातून न्यू जर्सीला आणलं. तिच्या वर्गात मी तीसेक वर्षं काढली. मुलं पोट धरधरून हसायची. पण महापौराने रजिस्टर पुढे केलं की बाई खट्कन बटण बंद करायची. मुख्याध्यापकांची तशी सूचना होती. तीस वर्षांत किती पोरं 'लग्न लागलं' असं समजून घरी गेली असतील, त्याची गणती नाही.

त्यामुळे झालं काय, की माझं बाकीचं अंग ओरखड्यांनी भरलं आणि शेवटची दोन मिनिटं कोरी करकरीत राहिली. याचा अभिमान वाटून घ्यावा की संताप करावा, ते मी अजून ठरवलेलं नाही.

बाई वारली. तिच्या पुतण्याच्या गॅरेजमध्ये, हिरवळ कापायच्या यंत्रामागे, मी आणि माझा प्रोजेक्टर चाळीसेक वर्षं पडून होतो. तिथून आम्हाला बाहेर काढलं सत्यजितने, २००२ च्या ऑक्टोबरात.

सत्यजित न्यू जर्सीतल्याच पार्सिपनीत सॉफ्टवेअरमध्ये होता. दर शनिवारी सकाळी जुन्या सामानाचे गॅरेज सेल पालथे घालायचा त्याला नाद. वर्ल्ड कप जवळ आला होता. या जुन्या प्रोजेक्टरची लेन्स काढून भिंतीवर क्रिकेट दाखवू, असा त्याचा बेत. घरी आल्यावर त्याने चार स्क्रू काढले, पाच परत बसवले आणि म्हणाला, "नाही होणार यार हे." मी सुटकेचा निःश्वास सोडला.

त्याची बायको यामिनी. पुण्यात ती फ्रेंच शिकवायची. लग्न होऊन इथे आली ती एच-फोरवर, म्हणजे नवऱ्याच्या व्हिसाला बांधलेल्या व्हिसावर. त्यावर राहता येतं, स्वयंपाक करता येतो, लायब्ररीत जाता येतं. नोकरी तेवढी करता येत नाही. तीन वर्षं ती घरात एकटीच फ्रेंच बोलायची, कधी कुकरशी, कधी खिडकीशी.

तिने बेडशीट भिंतीवर ठोकली आणि मला लावलं. पहिली अक्षरं आली आणि ती मोठ्याने वाचायला लागली. वाचता वाचता हसायला लागली. महापौराची कचेरी आली. माझ्या जिवाची घालमेल, आता बंद करणार, आता करणार. तिने बंद केलं नाही. सायकल आली, फोटोवाला आला, शेवट आला. प्रोजेक्टर फडफडत राहिला आणि ही बाई डोळे पुसत बेडशीटकडे बघत बसली. मग मला मागे घेऊन सायकल परत बघितली. तीनदा!

त्या दिवशी मी ठरवून टाकलं, हे माझं माणूस.

सत्यजित मला 'तुझी फ्रेंच मावशी' म्हणायचा. माणूस वाईट नव्हता. चहा चांगला करायचा, बायकोला हसवायचा. फक्त कुठलाही विषय काढला की तो म्हणायचा, "ग्रीन कार्ड होऊ दे, मग बघू." मूल, घर, पुण्याची ट्रिप, सगळं त्या कार्डाच्या मागे रांगेत उभं होतं. यामिनीही त्याच रांगेत होती.

मार्चमध्ये तिला एक पत्र आलं. तीन तासांवरच्या एका गावातल्या विद्यापीठाने फ्रेंचच्या एमएला प्रवेश दिला होता आणि वर्गावर शिकवायचं कामही. उत्तर १५ एप्रिलच्या आत हवं होतं. पण ते काम घ्यायचं तर व्हिसा बदलून विद्यार्थ्याचा घ्यावा लागणार आणि मग ग्रीन कार्डच्या भानगडी होणार. सत्यजितची भीती काही खोटी नव्हती, हे मी मान्य करते. त्याने स्वतःच कॉम्प्युटरवर नकाराचं पत्र टाइप केलं. 'कळवण्यास खेद वाटतो की' वगैरे. डायनिंग टेबलवर माझ्या डब्याशेजारी ठेवलं आणि म्हणाला, "घाई नाही. फक्त सही कर आणि टाक."

ती रोज ते पत्र उचलायची, वाचायची आणि परत ठेवायची.

अशात शशिकांत काका जेवायला आले. ते महाराष्ट्र मंडळाचे अध्यक्ष, पंचवीस वर्षांपूर्वी आलेले, सगळ्यांच्या अडीअडचणीला धावणारे. दर एप्रिलमध्ये ते वधूवर मेळावा भरवायचे. त्यांच्या मेळाव्यात जमलेली जोडपी रस्त्यात भेटली की ते स्वतः आधी वाकून बाळाचे पापे घ्यायचे. यामिनीने त्यांना मला लावून दाखवलं. टेपवाली सासू बघून काका खुर्चीतून घसरायचे बाकी राहिले. केक पडला आणि नेमका तेव्हाच त्यांना केटररचा फोन आला. काका बोलत बोलत बाहेर गेले, ते तिकडूनच गाडीत बसले.

दुसऱ्या दिवशी मंडळाच्या ईमेलवर झळकलं: 'यंदा मेळाव्यात खास आकर्षण! प्रेम आणि लग्न यांवर शंभर वर्षांपूर्वीचा फ्रेंच विनोदी चित्रपट. मराठी निवेदन: सौ. यामिनी. उपवर मुलामुलींनी सहकुटुंब यावे.'

अर्धा सिनेमा बघून अख्खं आमंत्रण छापायचं, हे फक्त आपली माणसंच करू जाणोत!

मेळाव्याच्या दोन दिवस आधी काकांनी माझ्यातल्या सगळ्या वाक्यांचा मराठी अनुवाद मागवून घेतला. वाचला. तासाभरात ते दारात हजर झाले, सोबत अहिल्या काकू, हातात बाकरवडीचा डबा.

"यामिनी, ही मुलगी शेवटी सही करत नाही?"

"नाही काका."

"अगं पण वधूवर मेळावा आहे तो! लोक टेक्सासहून विमानाने येतायत. शुभकार्याच्या ठिकाणी नवरी पेन ठेवून चालू पडते, हे बरं दिसतं का?"

"मग दुसरं काहीतरी दाखवू या."

"आता कॅन्सल केलं तर माझं हसं होईल." काकांनी आवाज खाली आणला. "असं कर. शेवटचं वाक्य जरा बदल. म्हण, 'अंगठी घरी राहिली, मी पटकन घेऊन येते.' म्हणजे ती सायकलवरून अंगठी आणायला गेली. सगळं जमून जातं. तुझ्याशिवाय फ्रेंच कळतंय कोणाला?"

डब्यात असून माझं अंग तापलं. कापाकापी परवडली हो! कात्री लावली तर निदान दिसतं की इथे काहीतरी होतं. हा माणूस माझ्या तोंडात दुसऱ्याचे शब्द घालायला निघाला होता. मुकी असण्याचा हाच एक तोटा आहे.

सत्यजित म्हणाला, "काय फरक पडतो? पिक्चर तर आहे." पंचवीस वर्षं अमेरिकेत राहून काकू गाडी चालवायला शिकल्या नव्हत्या, भाजी आणायलाही काकाच न्यायचे. त्यांनी नुसती बाकरवडी पुढे केली.

"बरं," यामिनी म्हणाली.

बरं! माझं माणूस म्हणे! मला इतका राग आला की काय सांगू.

मेळावा एका शाळेच्या कॅफेटेरियात होता, शनिवारी दुपारी. मुलामुलींच्या छातीवर पट्ट्या लावल्या होत्या: नाव, उंची, शिक्षण, व्हिसा. आया फायली घेऊन फिरत होत्या. कोणाची उंची कमी, कोणाचा व्हिसा कच्चा. त्यांना बघून मला माझी टेपवाली सासू फार आठवली. तिने निदान कोणाच्या छातीवर आकडे चिकटवले नव्हते.

सत्यजित प्रोजेक्टरवर, यामिनी माइकवर. मी सुरू झाले आणि काय सांगू, हॉल हातात आला! टेपवाली सासू आली तेव्हा मुलं-मुली एकमेकांच्या पट्ट्यांकडे बोट दाखवून हसत सुटली. बकरीने टोपी खाल्ली तेव्हा तर एका आजोबांना ठसका लागला. यामिनीचा आवाज असा काही लागला होता की मी जणू मराठीतच जन्माला आले होते.

मग कचेरी. रजिस्टर. क्लोतील्द वाचतेय. पेन खाली गेलं. अक्षरं आली.

"अंगठी घरी राहिली," यामिनी म्हणाली, "मी पटकन घेऊन येते."

लोकांनी टाळ्या वाजवल्या. काका समाधानाने आभार मानायला उठले. पडद्यावर माझी पोरगी सायकलवरून पडत होती, उठत होती, जीव खाऊन पेडल मारत होती, आणि खाली हे सगळे तिला अंगठीच्या मागे धाडून मोकळे झाले होते. मला वाटलं, इथेच तुटावं आणि संपवावं एकदाचं.

तेवढ्यात पहिल्या रांगेतून अहिल्या काकूंचा आवाज आला. "अगं, अंगठी आणायला चाललीय तर एवढी हसतेय कशाला ही?"

हॉलमध्ये हशा पिकला. काका म्हणाले, "लग्नाचा आनंद झालाय गं तिला." पण काकू मान हलवत होत्या. "छे. हे हसणं वेगळं आहे."

यामिनीने माइक परत उचलला. "काकू, बरोबर आहे तुमचं. मी खोटं वाचलं. तिथे ते लिहिलेलंच नाही." मग ती वळली. "सत्यजित, मागे घे."

सगळ्या माना सत्यजितकडे. त्याने काकांकडे बघितलं. काका डोळ्यांनी 'नको' म्हणत होते. त्याने बायकोकडे बघितलं. तिने परत सांगितलं नाही, नुसती उभी राहिली. सत्यजितने डोकं खाजवलं आणि कळ फिरवली.

मी उलटी धावायला लागले. क्लोतील्द सायकलवरून पाठमोरी आली, जमिनीवरून उठून सीटवर बसली, कचेरीत शिरली. टेबलावरचं पेन तिच्या हातात चढलं. इथेच थांबवलं तर? पण त्याने थांबवलं नाही. परत पुढे सोडलं. पेन खाली गेलं, अक्षरं आली आणि यामिनीने खणखणीत वाचलं:

"आज नाही. आधी मला सायकल शिकायची आहे."

कोणी टाळी वाजवली नाही. दोन मिनिटं नुसता प्रोजेक्टरचा आवाज. फोटोवाल्याने सीट सोडली तेव्हा मागच्या रांगेतली एक मुलगी "येस!" म्हणून ओरडली आणि तिच्या आईने तिला चिमटा काढला. दिवे लागले. टेक्सासहून आलेलं एक कुटुंब उठून निघून गेलं. काका यामिनीला म्हणाले, "पंचवीस वर्षांत माझा मेळावा असा कोणी नासवला नव्हता." मला त्यांचं वाईट वाटलं, खरंच वाटलं. पण माझा शेवट मी त्यांना द्यायला तयार नव्हते.

काकूंनी निघताना यामिनीचा हात धरला. "पडली तेव्हा फार लागलं असेल का गं तिला?"

"लागलंच असेल काकू."

"तरी उठली," काकू म्हणाल्या आणि गाडीकडे गेल्या.

घरी आल्यावर माझा डबा डायनिंग टेबलवर ठेवला गेला. शेजारी ते पत्र होतंच. सत्यजित बराच वेळ फ्रिज उघडून उभा होता.

"हॉलमध्ये केलंस ते ठीक," तो म्हणाला. "पण हा सिनेमा नाही यामिनी. व्हिसा बदललास आणि ग्रीन कार्ड अडकलं तर?"

"तर अडकेल."

"इतकं सोपं आहे?"

"सोपं नाहीये. मला भीती वाटतेय." तिने पत्र त्याच्यासमोर धरलं. "पण यात लिहिलंय की मला खेद वाटतो. मला खेद वाटत नाहीये. मग सही कशी करू?"

तीन दिवस तो तिच्याशी कामापुरतं बोलला आणि रात्री दूध-सीरियल खाऊन झोपला. १५ एप्रिलला यामिनीने लायब्ररीतून होकाराचा फॅक्स केला. ऑगस्टमध्ये सत्यजितनेच गाडी चालवत तिला विद्यापीठात सोडलं. वाटेत दोघं भांडले, पेट्रोल भरायला थांबले, कॉफी प्यायले आणि परत भांडले. मी मागच्या सीटवर होते, सगळं ऐकत होते. त्यानंतर दोन वर्षं तो दर शुक्रवारी तीन तास गाडी हाकत यायचा.

मंडळाने आम्हाला परत बोलावलं नाही. 'त्या फिल्ममुळे संसार मोडतात' असंही कोणी म्हणालं म्हणे. म्हणोत! मी कोणालाही पळून जायला सांगितलं नाही. सही करण्याआधी वाचता येतं आणि वाचून झाल्यावर पेन खाली ठेवता येतं, एवढंच मी दाखवलं. तेवढ्याने मोडणारा संसार माझ्या नावावर टाकू नका.

यामिनी आता त्याच गावातल्या शाळेत फ्रेंच शिकवते. सत्यजितने जवळ नोकरी शोधली. ग्रीन कार्ड अजून आलेलं नाही. आणि मी आजारी पडले. माझ्या जातीच्या फिल्मला म्हातारपणी एक रोग होतो. अंगाला व्हिनेगरचा वास येतो, अंग आक्रसतं, मग तुकडे पडतात.

या २००८ च्या वसंतात यामिनीने मला विद्यापीठाच्या लॅबमध्ये नेलं. तिथे चंद्रशेखर होता, नागपूरचा, केमिस्ट्रीत पीएचडी करणारा, जुन्या फिल्मची कॉपी करून देण्यात तरबेज. त्याने डबा उघडला आणि नाक धरलं.

"बापरे मॅडम. हिला एकदाच मशीनवर घालता येईल. तेही पूर्ण निघेल याची गॅरंटी नाही. शेवटचा भाग आत गाभ्याशी गुंडाळलेला आहे, तोच जास्त आक्रसलाय. सुरुवातीचा भाग चांगला निघेल. दहा मिनिटं तर नक्की वाचतील. केक, सासू, सगळं. शेवटाचं बघू."

मी कान टवकारले. परत तेच! माझ्या हाडामासाचं दुखणंसुद्धा मुख्याध्यापकांच्या बाजूने होतं.

यामिनीने क्षणभरही विचार केला नाही. "शेवटापासून सुरू कर," ती म्हणाली. "उलटी लाव. आधी ती दोन मिनिटं काढ. मग जेवढं मिळेल तेवढं."

"पण मॅडम, त्यात सुरुवातीचा भाग फाटला तर? दहा मिनिटं जातील दोन मिनिटांसाठी."

"जाऊ देत."

चंद्रशेखरने मला हाताने हळूहळू उलटं गुंडाळलं, त्यात अख्खी सकाळ गेली. मग मशीन सुरू झालं. फोटोवाला निघाला, पडणं निघालं, सायकल निघाली, ती अक्षरं निघाली, पेन खाली ठेवणं निघालं. रजिस्टरचं पहिलं पान निघालं आणि मी फाटले. नुसती फाटले नाही, मशीनच्या दातांत माझा चुरा झाला. चंद्रशेखर "सॉरी, सॉरी" म्हणत राहिला. मला अजिबात दुखलं नाही.

आता मी एका डबीत चुरा होऊन पडलेय आणि एका डीव्हीडीच्या चकतीवर दोन-अडीच मिनिटांची शिल्लक आहे. यामिनी वर्गात ती चकती लावते. सोळा-सतरा वर्षांच्या मुली बघतात: एक नवरी वाचतेय, पेन ठेवतेय, सायकल शिकतेय. परवा एकीने हात वर केला. "मॅम, हिची सुरुवात कशी होती?"

यामिनी हसली. "सुरुवात ना? सगळ्यांनी मिळून तिचं लग्न ठरवलं होतं," ती म्हणाली. "ती तुम्ही कुठेही बघू शकता."